चौथी शिवण

सोमवारी सकाळी नऊ वाजता प्रणिताने म्यूझियमच्या तळघरातले दिवे लावले, हात धुऊन कोरडे केले आणि टेबलावरचा पांढरा कागद बाजूला सारला. खाली तो झगा होता. शेवाळी रेशमाचा, बायकी, अडीचशे वर्षांपूर्वीचा. अमेरिकेतल्या कोलंबस शहराशेजारच्या डब्लिनमधलं हे म्यूझियम चिमुकलं. जुनी कापडं राखण्याचं काम करणारी तिथे ती एकटीच.

झगा एक, पण तीनदा शिवलेला. पहिल्यांदा १७७५च्या सुमारास. तेव्हा पाठीवरून सैल चुण्या थेट जमिनीपर्यंत सोडायची रीत होती आणि कमरेला दोन्हीकडे वेताचे सांगाडे बांधायचे, इतके रुंद की दारातून जाताना बाईला अंग तिरकं करावं लागायचं. दहा वर्षांत ते सगळं गावंढळ ठरलं. सांगाडे गेले, चुण्या पाठीबरोबर घट्ट शिवल्या गेल्या. मग तिकडे फ्रान्समध्ये राजाचं डोकं उडालं आणि इकडे बायकांची कंबर उचलून छातीखाली आली. फिलाडेल्फियाच्या या कुणा बाईने दर वेळी नवं रेशीम घेतलं नाही, हाच झगा उसवला आणि पुन्हा शिवून घेतला. उसवलेल्या टाक्यांची भोकं रेशमात तशीच राहिली होती. ती मोजायची, कुठली शिवण कधीची ते ठरवायचं, आणि नोव्हेंबरच्या प्रदर्शनासाठी अहवाल लिहायचा, एवढं प्रणिताचं काम.

प्रणिताला त्या बाईची कीव यायची आणि रागही यायचा. कंबर कुठे असते हे कुणीतरी लांब बसून ठरवायचं आणि हिने मुकाट्याने ती तिथे न्यायची! पण आपण तरी दुसरं काय केलं? नागपूरहून आल्यापासून बोलणं बदललं, हसणं बदललं, डब्यात काय न्यायचं तेही बदललं. राग खरा तिथला होता.

त्या सोमवारी तिला झग्याच्या डाव्या कुशीत चार इंच शिवण दिसली. शुक्रवारी ती नव्हती.

आपल्याच नजरेतून सुटली असेल, असं तिने स्वतःला सांगितलं. शुक्रवारचे फोटो काढून बघितले. कूस कोरी होती, नुसती जुनी भोकं. मंगळवारी उजव्या कुशीतही तशीच शिवण आली. बुधवारी बाहीला. दोरा जुनाट रेशमी, झग्याच्याच रंगाचा. तळघरात असा दोरा नव्हताच.

प्रणिता भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्या घरातली नव्हती. तिच्या घरात बाबासाहेबांचा फोटो होता आणि प्रश्न विचारायची सवय होती. तिने भिंग घेतलं आणि शिवण उलटून पाहिली.

आत दोन बोटं माया सोडली होती. इतकं जादा कापड आत दुमडून ठेवायचं, आणि त्याची कड सुटू नये म्हणून तिरके टाके घालायचे. शिवण संपताना तीन उलट्या टिपा आणि त्यांच्यावर एक आडवा टाका. असा आडवा टाका प्रणिताने जगात एकाच बाईला घालताना पाहिलं होतं. तिच्या आईला, रत्नाला. नागपुरात इंदोऱ्याच्या गल्लीत तीस वर्षं बायकांची ब्लाउजं शिवणाऱ्या आईला. "असू दे गं माया आत," आई म्हणायची, "पोर अंगाने भरते, मग उसवता येतं."

आई दोन वर्षांपूर्वी गेली. तेव्हा प्रणिताची व्हिसाची फाइल अडकली होती. वकील म्हणाला, आता देशाबाहेर गेलात तर परत येण्याची खात्री नाही. तिने आईचा अंत्यविधी फोनच्या पडद्यावर पाहिला. मधेच रेंज गेली आणि पडदा आईच्या पायांवर थिजला. ही नोकरी तिला एवढी महाग पडली होती.

तिने अहवालात सगळं खरं लिहिलं. चौथी शिवण, केव्हाची ते सांगता येत नाही. आणि खाली, मूर्खासारखं, हेही लिहिलं, की शेवट करायची ही पद्धत माझ्या आईची आहे.

गुरुवारी म्यूझियमची मुख्य, मार्था, तो कागद घेऊन खाली आली. तिचा आवाज नेहमीसारखाच गोड होता.

"या खोलीचं दार फक्त तुझ्या कार्डाने उघडलंय, प्रणिता. आणि टाका तुझ्या आईचा आहे, असं तूच लिहिलंयस."

"मी सुई लावलेली नाही."

"मग कुणी लावली?"

मार्थाने दुसरा कागद पुढे केला. त्यात लिहिलं होतं, की ही दुरुस्ती मी परवानगी न घेता केली, आणि मीच ती उसवून झगा पूर्ववत करीन. सही केली तर गोष्ट इथेच मिटेल. व्हिसा वाढवायचं पत्र सोमवारी निघेल.

घरी प्रफुल्ल लॅपटॉपसमोर बसला होता. जूनमध्ये त्याचा जॉब गेला, तेव्हापासून नवरा-बायको दोघंही तिच्याच व्हिसावर होती.

"साइन करून टाक ना यार," तो म्हणाला. "तिला काय, पेपरवर काहीतरी हवंय. चार टाके उसवायचे, बस."

"ते आईचे टाके आहेत, प्रफुल्ल."

त्याने वर पाहिलं. "तू नीट झोपतेस ना?"

तिने डबा काढून सिंकमध्ये ठेवला.

"डिसेंबरमध्ये आपलं स्टेटस संपतंय," तो हळूच म्हणाला. "आई असत्या तर त्यांनीही साइन कर म्हटलं असतं."

हे त्याने म्हणायला नको होतं. ते खरं होतं, म्हणून तर मुळीच नको होतं.

तिने सही केली.

शुक्रवारी ती बारीक कात्री घेऊन बसली. मार्था दारात उभी होती, हाताची घडी घालून. आता शिवण गळ्यालाही आली होती, पाठीलाही. पण तेवढं पाहायची मार्थाला गरज नव्हती, सही झाली होती.

पहिला आडवा टाका कापला. दोरा ओढून काढला.

दोऱ्याखालचं रेशीम गर्द हिरवं होतं.

प्रणिताने भिंग धरलं. आजूबाजूचं कापड उजेडाने विटलेलं, आणि दोऱ्याखाली मात्र एक बारीक, ताजी हिरवी रेघ. इतकं विटायला शे-दोनशे वर्षं लागतात. म्हणजे हा टाका झग्यावर तेव्हापासून होता. आणि गेल्या शुक्रवारच्या फोटोत नव्हता.

"काही अडचण?" मार्थाने विचारलं.

सांगितलं असतं तर तिने भिंगातून पाहिलं असतं कदाचित. आणि मग सही केलेल्या कागदाचं काय झालं असतं? सोमवारच्या पत्राचं?

"नाही," प्रणिता म्हणाली.

ती उसवत राहिली.

दोरा सहज निघत होता. आई उसवायची तेव्हा निघायचा तसाच, एका ओढीत, न तुटता. प्रणिताचे डोळे भरून आले. रेशमावर थेंब पडू नये म्हणून तिने मान मागे घेतली आणि हात चालू ठेवले.

पाच वाजता झगा पूर्ववत झाला. दोऱ्यांची छोटी गुंडाळी मार्थाने पिशवीत घातली आणि वर नेली.

शनिवारी विपरीत काही झालं नाही. सोमवारचं पत्र शनिवारीच आलं, ईमेलने. प्रफुल्लने बाहेरून बिर्याणी मागवली. "बघ, झालं की नाही काम?" तो म्हणाला आणि बऱ्याच महिन्यांनी मोकळा हसला. तिला त्याचा राग आला आणि त्याहून जास्त स्वतःचा.

रविवारी कम्युनिटी हॉलमध्ये धम्मचक्र प्रवर्तन दिनाचा कार्यक्रम होता. कोलंबसभोवतीची सगळी मराठी बौद्ध कुटुंबं यायची, बायका पांढऱ्या साड्या नेसायच्या. अकरा वाजता प्रफुल्ल खालून ओरडला, "प्रणिता, निघायचं ना? पार्किंग मिळणार नाही."

तिने कपाट उघडलं आणि साडीखालचं पांढरं ब्लाउज ओढलं. लग्नात आईने शिवलेलं.

हातात नुसती बाही आली.

बाकीचे तुकडे खाली होते. दुसरी बाही, पाठ, पुढचे दोन भाग, सगळे एकावर एक नीट घडी करून ठेवलेले. कापड कुठेही फाटलेलं नव्हतं. त्याखाली निळं ब्लाउज, त्याखाली जांभळं, त्याखाली बाळंतपणासाठी आईने पुढे कधीतरी लागेल म्हणून शिवून दिलेला सैल गाऊन. आईने शिवलेलं सगळं तसंच, सुटं. दोन दोन बोटं माया उलगडून सपाट झालेली, कडेने भोकांच्या सरळ ओळी.

तिने गुडघे टेकून कपाटाचा तळ हाताने चाचपला. मग गालिचा चाचपला.

दोऱ्याचा एक तुकडाही कुठे नव्हता.