दुसऱ्याने परत करावा

नेवारा ओस्मिला विणकरणीकडे गेली ती एका ओळीची खात्री करून घ्यायला. सोर्वेनच्या ग्रंथशाळेत जुन्या पोथ्या शुद्ध करून नव्याने उतरवायचं तिचं काम. या हिवाळ्यात तिच्यापुढे उरेश्त पंडिताचा वस्त्रविद्येवरचा ग्रंथ होता, नऊशे वर्षांपूर्वीचा. कोणत्या विणीने वारा अडतो, कोणत्या विणीने रक्त थांबतं, सारं त्यात शिस्तीत मांडलेलं. अडलं ते निद्रावस्त्राच्या प्रकरणात. ‘मागापाशी दोघांनी बसावे. एकाने धोटा द्यावा, दुसऱ्याने परत करावा.’

“पण माग तर एकच माणूस चालवतो ना, मावशी,” नेवारा म्हणाली. “उतरवणाऱ्याची चूक असणार. मी ‘एकाने बसावे’ असं करून टाकलंय.”

ओस्मिलाने हातातली लोकर खाली ठेवली. “केलंस? मोठी शहाणी. शाई वाळायच्या आत पूस.”

“का?”

“आमचे हे होते तोवर मी ते वस्त्र विणलं. हे पलीकडे बसायचे. ते गेले, मी सोडलं. समोरची जागा रिकामी ठेवून ते विणू नये.”

“ठेवली तर काय होतं?”

“ग्रंथ तू वाचतेस, आणि विचारतेस मला होय?” म्हातारी हसली, पण तिने नजर वर केली नाही.

नेवाराला हसू आलं नाही. घरी धाकटी बहीण इल्मा नऊ दिवस तापाने फणफणत होती. डोळ्याला डोळा नाही. वैद्याने हात टेकले होते.

“मग तुम्ही बसाल माझ्यासमोर?”

ओस्मिलाने आपले दोन्ही हात पुढे केले. बोटं मुळांसारखी वाकडी झाली होती. आणि तापाच्या घरी दुसरं कोण येणार?

दुसऱ्या दिवशी सकाळी नेवाराने इल्माच्या खाटेजवळ घरातला जुना माग उभा केला, भिंतीला लागून. मागाच्या पलीकडे जेमतेम वीतभर जागा उरली. बाहेर तळ्यावरचं धुकं खिडकीला चिकटलं होतं. तिने आडवा धागा गुंडाळलेला धोटा उभ्या धाग्यांतून पलीकडे सरकवला आणि परत घ्यायला हात वळसा घालून पलीकडे नेला. हाताला काहीच लागलं नाही. धोटा तिच्या मांडीवर येऊन पडला होता.

निसटला असेल, असं तिने मनाला समजावलं. पुन्हा सरकवला. या वेळी पलीकडून कुणीतरी तो हळूच ओढून घेतला... मग धाग्यांच्या फटीतून तो सावकाश परत आला. गार, ओलसर. त्याला तळ्याच्या चिखलाचा वास येत होता.

ती उठणार, तोच इल्माचा श्वास ऐकू आला. संथ. तिचे डोळे मिटत होते. नेवाराचे हात थांबले, तशी इल्मा कण्हली आणि टक्क जागी झाली. नेवाराने ओठ चावून धोटा पुन्हा आत दिला.

दिवसभर ती देत राहिली आणि तो परत येत राहिला. तिच्या ओळी सैल पडत होत्या, पलीकडच्या घट्ट, नखांनी दाबून बसवल्यासारख्या. वाकलं असतं तर धाग्यांआडून दिसलं असतं. ती वाकली नाही.

दिवेलागणीला वस्त्र पुरं झालं, आणि ते अंगावर घेऊन इल्मा सकाळपर्यंत गाढ झोपली. उठली तेव्हा ताप नव्हता. भूक लागली म्हणाली. नेवाराने चुलीवर पेजेचं मोठं पातेलं चढवलं आणि वस्त्र घेऊन ती ओस्मिलाकडे धावली.

ओस्मिलाने एकेक ओळ चाचपली. घट्ट ओळींवर तिचं बोट अडलं.

“काम झाल्यावर त्याला काय म्हणालीस?”

“काय म्हणणार? मदतीला आलेल्याला म्हणतो तेच. सवयीनं तोंडून गेलं.”

“काय गेलं?”

“...जेवून जा.”

म्हातारीने वस्त्र तिच्या हातात कोंबलं. “घरी जा. पळ.”

धुक्यातून धडपडत ती घरी पोचली. इल्मा बाकावर बसली होती, गालांवर रंग आलेला. समोर पातेलं, खरवडून रिकामं.

“ताई, अजून टाक ना पेज,” ती खालच्या आवाजात म्हणाली. “मी घाससुद्धा घेतला नाही. पण यांची भूक भागत नाही म्हणतात...”

बाकावर दुसरं कुणी नव्हतं. इल्मा मात्र दाटीत बसावं तशी अंग चोरून अगदी कडेला सरकून बसली होती.