कोठाराचा चार्ज

बाबा तहसीलदार म्हणून निवृत्त झाले. आई गेल्यावर मी त्यांना माझ्याकडे जर्मनीत, इंगोलश्टाटला आणलं, तोवर त्यांची स्मरणशक्ती दगा देऊ लागली होती. माझं नाव चुकायचं, पण बदल्यांची गावं नाही: अक्कलकुवा, किनवट, अहेरी. ती ऐकली की बाबा अजून आपले आहेत, असं वाटून मला धीर यायचा. मी गाड्यांच्या ब्रेकवर काम करणारा माणूस, दिलासासुद्धा तपासून घेतो.

एका रविवारी आम्ही डोनाऊ नदीकाठच्या लहानशा म्युझियममध्ये गेलो. तिथे एका रोमन अधिकाऱ्याच्या थडग्याचा दगड होता. माझ्या लेकीनं, अन्वीनं, शेजारची पाटी वाचली.

"आल्झो, म्हणजे बघा आजोबा, हा बॉर्डरवरच्या धान्यकोठाराचा साहेब. खूप लांबून आलेला. त्याच्या जागी दुसरं कोणी आलंच नाही, मग इथेच मेला."

"म्हणजे चार्ज घ्यायला कोणीच नाही?"

"गेनाऊ. अगदी तसंच."

बाबांचे डोळे भरून आले. अहेरीला त्यांच्या जागी येणारा माणूसही असाच रखडला होता, आणि तेवढ्यात पुण्याला घरी त्यांची आई गेली. त्यांनी दगडावर हात ठेवला आणि कचेरीतल्या जुन्या आवाजात म्हणाले, "मी घेतो चार्ज. तुम्ही घरी जा."

आम्ही दोघं हसलो.

त्या आठवड्यात अहेरी गळालं. मग किनवट. त्यांच्या जागी आम्ही कधी न ऐकलेली गावं आली. बाबांच्या स्वेटरला ओल्या गव्हाचा वास येऊ लागला, धुतला तरी जाईना. खिडकीशी उभे राहून ते म्हणायचे, "नदी गोठली की पलीकडचे येतील. कोठार तर भिजलंय."

मला भीती वाटू लागली. मी त्यांना परत त्या दगडापाशी नेलं आणि आसपास कोणी नाही असं बघून, लाज सोडून म्हणालो, "बाबा, चार्ज मला द्या. तुम्ही मोकळे व्हा."

त्यांनी मला नीट न्याहाळलं.

"आपली ऑर्डर?"

"बाबा, मी हृषी."

"ऑर्डरशिवाय चार्ज देता येत नाही, साहेब." आवाज मऊ होता. "मिळाली की लवकर या."

मला रडू आवरेना.

बाबा माझ्याकडे पाठ करून, म्युझियमच्या खिडकीतून नदी बघत राहिले. तेवढ्यात माझा फोन वाजला. पुण्याच्या आमच्या शेजारच्या ऊर्मिलाकाकू.

"हृषी, बाबांना एकटंच पाठवलंस होय रे? सकाळपासून तुमच्या गॅलरीत बसलेत. हाक मारली तर नुसते हसतात. पण चेहऱ्यावर काय समाधान आहे रे, किती वर्षांनी घरी पोचल्यासारखं!"