चौथी थाप

मराठी सिनेमातल्या निम्म्या नायिका माझ्या बाबांच्या पायांनी चालल्या. पडद्यावरच्या पावलांचे, कड्यांचे, भांड्यांचे आवाज मागाहून देणं हा त्यांचा धंदा. ते आतल्या बंद खोलीत आवाज करत, मी भिंतीपलीकडे बसून रेकॉर्ड करी. मध्ये काच नव्हती. जाड लाकडी दार होतं, आणि आतली मूठ सैल पडल्यामुळे ते बाहेरूनच उघडे.

त्या सकाळी एकच प्रसंग उरला होता. कोंडलेला म्हातारा दार ठोठावतो.

"म्हाताऱ्याला झेपेल इतकंच ठोका हं," मी म्हणाले.

"म्हातारा कोण गं? पडद्यावरचा की मी?" हसत ते आत गेले.

मी लाल दिवा लावला. दिवा लागला की दार उघडायचं नाही, हा त्यांचाच नियम.

तीन थापा ठरल्या होत्या. चौथी जरा खालून आली. मी माइकवरून त्यांच्या हेडफोनमध्ये म्हणाले, "छान. अजून एकदा." पाचवी आणखी खालून. नववी उंबऱ्यापाशी. मग काहीच नाही.

दार उघडलं तेव्हा बाबा त्याला टेकून बसलेले होते. डॉक्टर म्हणाले, हृदय. मी सगळ्यांना सांगितलं, मला वाटलं ते काम करताहेत.

चित्रपट गाजला. आजही मराठीतल्या चांगल्या चित्रपटांची यादी निघाली की त्याचं नाव येतं, आणि लोक त्या खाली खाली सरकणाऱ्या थापेबद्दल बोलतात.

वर्षाने खास खेळासाठी नवी प्रत काढायची ठरली. दिग्दर्शक दुपारी ऐकायला आले.

"ताई, ही दहावी थाप कधी घातलीत?"

"नऊच आहेत."

पुन्हा लावलं. अकरा.

"यंत्राला काहीतरी झालंय," असं पुटपुटत ते फोन करायला बाहेर गेले. परत आले नाहीत.

दारावर स्वतः थाप मारून ताडून बघावं म्हणून मी आत गेले. दार मिटू नये म्हणून त्याला खुर्ची लावून ठेवली. खुंटीवर बाबांचे हेडफोन होते, ते कानांना लावले.

खुर्ची सरकल्याचा आवाज आला नाही. दार मात्र मिटलं.

लाल दिवा लागला.

मूठ नुसतीच गरगर फिरली. मी तीनदा थाप मारली. चौथी खाली बसली.

कानात माझाच आवाज आला.

"छान. अजून एकदा."

मी दाराला टेकून बसले. लाकूड त्या जागी गुळगुळीत होतं.

"बाबा," मी मोठ्याने म्हणाले, "चौथ्या थापेलाच मला कळलं होतं. पण आवाज फार खरा येत होता."