राळ नवीच होती

मी मूळ ओढत होते, आणि मूळ मला ओढत होतं.

थट्टा नाही. स्प्रूसच्या झाडांखालच्या दलदलीत, शेवाळात कोपरापर्यंत हात खुपसून मी एक लांबलचक मूळ अलगद सोडवत होते, आणि पलीकडच्या झुडपातून कुणीतरी त्याच मुळाला हिसके देत होतं. पाऊस भुरभुरत होता. काळ्या माश्या कानामागे चावत होत्या. आधीच माझं डोकं ठिकाणावर नव्हतं.

"अस्वल असशील तर सोड! माणूस असशील तर हळू ओढ!" मी ओरडले.

मूळ तटकन तुटलं. झुडपामागे धप्पकन काहीतरी पडलं. जाऊन पाहते तर चिखलात एक उंच, हडकुळा तरुण बसलेला, आणि त्याच्या हातात माझ्या मुळाचा अर्धा तुकडा.

"अस्वल नाही," तो म्हणाला. "सायलस. फीबीमावशीचा... भाचा."

"अस्वल परवडलं असतं. ते मुळं तोडत नाही."

तो हसला. त्याच्या पापण्यांवर पावसाचे थेंब होते आणि ते पुसायचंही त्याला सुचत नव्हतं. मी उगाचच शेवाळाकडे बघू लागले.

त्याच्याबद्दल मी ऐकलं होतं. सातव्या वर्षी सरकारी माणसांनी त्याला विमानात बसवून दूरच्या शाळेत नेलं होतं, आणि या वसंतात तो परत आला होता, तब्बल बारा वर्षांनी. आमची क्री भाषा तो अजून सात वर्षांच्या पोरासारखीच बोलायचा, शब्द शोधत, मध्येच अडत. फीबीमावशीने टोपल्या शिवायला मुळं आण म्हणून त्याला पिटाळलं होतं.

"तू रांगेत नाहीस?" त्याने विचारलं. "विमान आलंय. सगळे छातीचा फोटो... काढतायत."

"माझा सकाळीच काढला."

"सकाळी विमान नव्हतं."

"तू मुळं तोड बाबा. माझी चौकशी नको."

चोराच्या मनात चांदणं! विमानाची घरघर ऐकताच मी टोपली उचलून दलदलीकडे पळ काढला होता. हिवाळ्यापासून मला खोकला होता. पहाटे अंग घामाने भिजायचं, आणि थुंकीत लाल दिसायचं. ते काय आहे हे मला कुणी सांगायला नको होतं. माझ्या थोरल्या बहिणीला, लुईझाला, हेच झालं होतं. फोटोत डाग निघाला म्हणून तिला विमानाने दक्षिणेच्या दवाखान्यात नेलं, आणि दोन हिवाळ्यांनी दुकानदाराकडे एक कागद आला. ती वारली, एवढंच त्यात लिहिलं होतं. तिला कुठे पुरलं ते आम्हाला आजतागायत कळलेलं नाही. आई तर त्याआधीच गेली होती. बाबांना मी एकटी उरले होते. म्हणून मी मनाशी ठरवून टाकलं होतं, मरायचं तर इथेच, बाबांच्या तंबूत, आपल्या माणसांत.

दुसऱ्या दिवशी सायलस आमच्या तंबूपुढे हजर!

"काका," तो माझ्या बाबांना म्हणाला, "मला होडी करायला शिकवा. सालीची."

आमच्या तळ्यावर सालीची होडी बांधणारे आता बाबाच तेवढे उरले होते. "दुकानात कापडाची मिळते की," ते म्हणाले. "घे आणि मोकळा हो."

"माझ्या बाबांची सालीची होती." सायलस थांबला, शब्द जुळवू लागला. "मला नेलं ना... तेव्हा विमानातून खाली तीच दिसत होती. बाबा वल्हं मारत मागे येत होते. मग होडी लहान झाली. मग... दिसली नाही."

त्याचे वडील तो शाळेत असतानाच गेले. बाबांनी आपली वाकडी सुरी उचलून त्याच्यापुढे ठेवली, आणि मला म्हणाले, "केझाया, पोराला चहा दे."

साल काढायच्या दिवशी बाबांनी भूर्जाच्या बुंध्याशी चिमूटभर तंबाखू ठेवली आणि झाडाशी बोलले. काय हवंय, कशासाठी हवंय, सगळं सांगितलं. न विचारता घेतलेल्या सालीची होडी धन्याला ओळखत नाही, असं ते मानतात. सायलस टोपी काढून उभा होता.

"झाड हो म्हणालं?" त्याने हळूच मला विचारलं.

"तुला ऐकू नाही आलं? म्हणालं, या पोराच्या हातात सुरी देऊ नका."

झाड काही चुकीचं बोललं नव्हतं. साल जमिनीवर अंथरायला सांगितली, तर या शहाण्याने ती उलटी अंथरली. तशीच दुमडली असती तर पांढरी बाजू बाहेर आली असती!

"हे काय रे?" बाबांनी विचारलं.

"शाळेच्या पुस्तकात होडी पांढरी होती, काका."

"मग पुस्तकात बसूनच जा शिकारीला!" आणि बाबा हसले. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. लुईझाचा कागद आल्यापासून मी त्यांना असं हसताना पाहिलं नव्हतं. मग त्यांनी साल स्वतः पालटली. "पांढरी बाजू आपल्याकडे, होडीच्या आत. पाण्याला लागते ती झाडाची आतली, पिवळी बाजू. झाडाने जन्मभर झाकून ठेवलेलं असतं ना, तेच पाण्यात टिकतं."

झाकून ठेवलेलं... मी मान खाली घालून मुळं सोलत राहिले.

तो सगळा उन्हाळा आम्ही होडीच्या दोन बाजूंना बसून काढला. शिवण बाईच्या हातची, हा आमचा रिवाज. मी बाहेरून भोक पाडून ओलं मूळ आत सारायची, तो आतून ओढायचा. हे बाबांच्या नियमात बसत नव्हतं, पण ते होडीच्या आतल्या, सीडरच्या लाकडाच्या बरगड्या तासताना मुद्दाम पाठ करून बसायचे. दोघांची बोटं एकाच भोकाशी भेटायची. कधी कधी जरा जास्तच वेळ.

"केझाया... तुझ्यासाठी कुणी बोललंय का?" एकदा त्याने विचारलं.

"बोलतात की. तू नाही का सकाळपासून बोलतोयस?"

"तसं नाही गं."

"मग कसं? शब्द नसतील तर फीबीमावशीकडून उसने आण."

त्याचे कान लालेलाल झाले. मला इतकं बरं वाटलं, आणि लगेच इतकं वाईट वाटलं, की मी भोक पाडायची आरी बोटात टोचून घेतली. मला तो आवडत होता. अगदी मनापासून आवडत होता. आणि आवडून उपयोग काय, हेही मला कळत होतं.

बरगड्या बसल्या. मग राळेचा दिवस आला. स्प्रूसची राळ वितळवायची, त्यात अस्वलाची चरबी आणि कोळशाची पूड घालायची, आणि बाहेरून प्रत्येक शिवणीवर लिंपायची. गार झाली की मग खरी परीक्षा. शिवणीला ओठ लावून हवा ओढत जायचं, इंच इंच. तोंडात हवा आली की तिथे भोक आहे असं समजायचं. आईने हे मला शिकवलं होतं, आणि माझ्या ओठांतून आजवर एक भोक सुटलं नव्हतं.

सायलस शेजारी उकिडवा बसून बघत होता. "मला या होडीचा राग येतो," तो म्हणाला.

"तिने तुझं काय घोडं मारलं?"

"सकाळपासून तिचेच मुके घेतेयस. मला एवढे मिळाले असते ना... जन्मात गळलो नसतो."

"मी अजून बहिरा झालो नाही!" तंबूमागून बाबा ओरडले.

मी हसले, आणि हसता हसता खोकला आला. बाहीत तोंड खुपसून मी तो दाबला. डोळ्यांपुढे अंधारी आली. पुढच्या टोकाच्या शिवणी राहिल्या होत्या. त्यांना मी ओठ लावले, ओढलं. हवा आली नाही. "झालं," मी म्हटलं. "ठीक आहे सगळी."

सकाळी तळं धुक्यात होतं. बाबा काठावर उभे राहिले आणि आम्ही दोघं होडीत बसलो, मी पुढे, तो मागे. होडी अशी सरकली की वल्ह्याचं ओझंच वाटेना. तळ्याच्या मध्यावर त्याने वल्हं आडवं ठेवलं, आणि सांभाळून, गुडघ्यांवर माझ्याजवळ आला.

"केझाया, मावशीकडून शब्द आणलेत. पण... आता आठवत नाहीत."

त्याचा चेहरा इतका जवळ होता की त्याच्या श्वासाची ऊब गालाला लागली. मला काय वाटलं ते सांगते. वाटलं, होऊन जाऊ दे. पण मी तोंड फिरवलं.

तो मागे सरकला. तेवढ्यात माझे गुडघे गार पडले. पुढच्या टोकातून पाणी आत येत होतं.

काठाला लागलो तेव्हा बाबांनी होडी पालथी केली. शिवणीवर हात फिरवला आणि तोंड न उचलता म्हणाले, "राळ जुनी होती. माझीच चूक."

सायलसने वाकून त्या शिवणीला ओठ लावले आणि ओढलं. हवा शीळ घालत आत आली, मलाही ऐकू आली. त्याने पुन्हा ओढलं. मग तो हळूहळू उभा राहिला आणि माझ्याकडे बघू लागला. एवढं मोठं भोक! लहान पोरालाही सापडलं असतं. ज्याच्या छातीत श्वास आहे अशा कुणालाही.

मासे धुरवायच्या झोपडीमागे त्याने मला गाठलं. "तू फोटो काढलाच नव्हतास."

"जवळ येऊ नकोस."

"कधीपासून?"

"हिवाळ्यापासून. जवळ येऊ नकोस म्हटलं ना! म्हणून तर तोंड फिरवलं मी. तुला काय वाटलं, तू मला नको आहेस? वेड्या, तुला लागू नये म्हणून..." पुढचं खोकल्यात बुडालं.

तो तिथेच उभा राहिला, पाच पावलांवर. "विमान पुन्हा येणार आहे. डाग निघालेल्यांना न्यायला. जा."

"लुईझा गेली होती."

"मलाही नेलं होतं. मी आलो परत."

"अर्धा आलास," मी म्हटलं. जीभ माझी पहिल्यापासूनच तिखट. त्याला लागलं, ते दिसलंही.

"अर्धा तर अर्धा," तो म्हणाला. या वेळी एकाही शब्दाला तो अडला नाही. "अर्धी केझाया मला चालेल. मेलेली पुरी केझाया नको."

मी रडत तिथेच बसले. तो तडक बाबांकडे गेला. झोपडीच्या फटीतून मला सगळं दिसत होतं, ऐकूही येत होतं.

"काका, राळ नवीच होती."

बाबा शेकोटीतली लाकडं हलवत राहिले. मग म्हणाले, "ठाऊक आहे मला. खोकला ऐकतो मी तिचा. तंबू एकच आहे आमचा."

"मग जुनी का म्हणालात?"

"एक पोर विमानात बसवली, तिचा कागद आला. दुसरी कुठल्या हातांनी बसवू, सांग!" आणि माझे बाबा, अस्वलासमोर कधी पाय न डगमगलेले माझे बाबा, हातांत तोंड झाकून रडायला लागले.

इतके महिने मी त्यांच्यासाठी खोकला दाबत होते, आणि ते माझ्यासाठी झोपेचं सोंग घेत होते. दोघं मिळून आम्ही मला मारत होतो. मी डोळे पुसून बाहेर आले.

"बाबा, मी जाते," मी म्हटलं. "रोज तुम्हाला फसवण्यापेक्षा ते बरं."

विमान आलं तेव्हा ऑगस्ट सरत आला होता. झाडांची पानं पिवळी पडली होती आणि आभाळ इतकं खाली आलं होतं की विमान उतरेलसं वाटत नव्हतं. उतरलं मात्र. त्यातल्या नर्सने तिथेच माझी छाती तपासली आणि मला रांगेत उभं केलं. आमच्या वस्तीतली चार माणसं निघाली होती. एक आजी, दोन पोरं आणि मी.

तळ्याकाठी मी सायलसला म्हटलं, "होडी सावलीत ठेव. आणि वसंतात राळ फीबीमावशीकडून लावून घे."

"मीच लावीन."

"बाईचं काम आहे ते. लोक हसतील."

"हसू देत. प्रत्येक शिवणीला तोंड लावून बघीन. तू येईपर्यंत दर वर्षी." त्याने टोपी काढली, पुन्हा घातली. "केझाया... किती वर्षं ते मी विचारणार नाही."

नर्स हातात कागद घेऊन काही विचारत होती. दुकानातला कारकून, जोएल, आमच्यातलाच. तो तिचं बोलणं आम्हाला सांगायचा आणि फॉर्म भरायचा. वस्तीतल्या प्रत्येकाची कुंडली त्याला पाठ.

"काही झालं तर कुणाला कळवायचं, विचारतेय," तो खाली बघत म्हणाला.

"वडिलांना," मी म्हटलं. बाबांचं नाव त्याने लिहिलं. लुईझाच्या वेळीही एवढंच लिहिलं होतं.

"आणखी एक नाव लिही," मी म्हटलं. "सायलस."

जोएलने मान वर केली. "नात्यातलंच माणूस लागतं, केझाया. तुझा कोण तो?"

सायलसने तोंड उघडलं. नेमका याच शब्दाशी तो पुन्हा अडला होता, आणि या वेळी मावशी जवळ नव्हती.

"नवरा," मी म्हटलं.

फीबीमावशीने तोंडावर हात ठेवला. जोएल घुटमळला. "लग्न कधी झालं गं तुमचं?"

"व्हायचंय. मी परत आले की."

त्याने माझ्याकडे पाहिलं, बाबांकडे पाहिलं. बाबांनी मान हलवली. मग जोएलने पेन्सिल ओठांना लावून ओली केली आणि फॉर्मवर तो शब्द लिहिला, ठळक, दोनदा गिरवून. तेव्हा सायलसचा चेहरा कसा झाला होता ते मला माहीत नाही. मी वळून बघितलं नाही, कारण बघितलं असतं तर मी विमानात चढले नसते.