अंगठ्याएवढा तारा

ओर्वळच्या वेधशाळेच्या जिन्यात, नेमकी वळणावरच, तिशेलची त्या दोघांशी गाठ पडली. यारुनच्या डोळ्यांवर काळी पट्टी, आणि त्याचा हात इवोमीच्या हातात.

"कोण आहे गं?" यारुननं विचारलं.

"भिंगवाल्या तिशेलताई," इवोमी म्हणाली. "जरा सरता का हो ताई? आम्हाला उशीर होतोय."

आम्हाला म्हणे. तिशेल भिंतीला चिकटून उभी राहिली.

ओर्वळवर रात्री धाकट्या चंद्राच्या उजेडात तारे बुजायचे. रोज भरदुपारी थोरला चंद्र सूर्यावर सरकला की घटकाभर काळोख पडायचा, आणि तेवढ्यातच काय ते तारे दिसायचे. म्हणून वेधकऱ्याची नजर सकाळपासून पट्टीखाली अंधारात मुरवायची, आणि हातवालीनं त्याला हात धरून तीनशे पायऱ्या चढवायच्या. शंभर दिवस हात धरला की ती त्याची बहीण, आणि त्यानं तिला मधवड्यांचं ताट द्यायचं, असा रिवाज.

आधी भिंगं घासून हे कामही तिशेलच करायची. "आज केसांत काय माळलंयस?" तो पायरी चाचपत विचारायचा.

"पट्टी बांधलेल्याला काय करायच्यात चौकशा?"

"वासावरून ओळखू?"

"पायरी ओळख आधी... पडशील."

आणि एके दिवशी त्यानं स्वतःच गुरूंकडे दुसरी हातवाली मागितली. का, तर म्हणे असंच. मग आली ही इवोमी, साखर घोळल्यासारखं बोलणारी. तेव्हापासून तिशेलचा जीव नुसता जळत होता.

मागच्या जिन्यानं ती वर पोचली आणि दुर्बिणीत डोळ्याजवळचं भिंग बसवू लागली. तेवढ्यात जिन्यातून दोघांचं हसणं ऐकू आलं. आधी इवोमीचं, मग त्याचं – चांगलं मोकळं, पोटभर. तिशेलनं भिंग खटकन आत ढकललं आणि खाली निघून गेली. काच हातात कुठे धरली होती, याचं तिला भानच नव्हतं.

काळोख पडला, सरला. पुसायचं भिंग घेऊन इवोमी धावतच भिंगखोलीत आली.

"ताई, त्याला नवा तारा सापडलाय. धुरकट, लांबट असा. मी सगळ्यांना सांगूनसुद्धा आले. नाव काय ठेवणार विचारलं, तर नुसता हसतोय. शोधणारा आपल्या आवडत्या माणसाचं नाव देतो... हो ना?" ती लाजली.

"देतो," तिशेल म्हणाली.

इवोमी गेल्यावर तिनं भिंग उजेडात धरलं. मधोमध अंगठ्याचा ठसा होता, आणि त्यावर तिरकी रेघ. काच कापताना तिच्या अंगठ्याला झालेली जुनी जखम ती. म्हणजे तारा नव्हताच तो.

क्षणभर तिला बरंही वाटलं. ठेवू दे नाव, वाजू देत नव्या ताऱ्याची घंटा. उद्या स्वच्छ भिंगातून तारा दिसणारच नाही. मग बघते दोघांची तोंडं कशी होतात. पण मग यारुनला पुन्हा कुणी दुर्बिणीजवळ उभं करणार नव्हतं. तिनं भिंग तसंच उचललं आणि तीनशे पायऱ्या चढून गेली.

तो वरच्या पायरीवर बसला होता. पट्टी गुडघ्यावर, कागद मांडीवर.

"तारा नाहीये तो," ती धापा टाकत म्हणाली. "माझा अंगठा आहे. तुम्ही दोघं जिन्यात खिदळत होतात, आणि माझं लक्ष... गुरूंना मी सांगते."

"आम्ही हसलो म्हणून?"

"हो. मला नाही बघवत. झालं समाधान?"

यारुननं कागद तिच्यापुढे धरला. त्यावर तोच ठसा होता, तिरक्या रेघेसकट.

"आधी सापडला म्हणून ओरडलो," तो म्हणाला. "मग काढायला बसलो, तर ही रेघ आली. डोळ्यांनी कधी नीट पाहिली नव्हती. पण सत्त्याण्णव दिवस माझ्या तळहाताला लागायची ती. मी थांब म्हणेपर्यंत इवोमी खाली पोचली होती."

"मग गुरूंना का नाही सांगितलंस?"

"तुला काढून टाकतील म्हणून. काय करावं, तेच सुचत नव्हतं."

तिशेल त्याच्याकडे बघत राहिली. "सत्त्याण्णव?"

"तू मोजत नव्हतीस. मी रोज मोजत होतो. आणखी तीन दिवस... आणि तू माझी बहीण झाली असतीस. म्हणून दुसरी मागितली."

"तोंडानं सांगायला काय झालं होतं?"

"पट्टीत तुझा चेहरा दिसायचा नाही. चेहरा न बघता कसं विचारायचं? आणि पट्टी सुटली, की तू भिंगखोलीचं दार लावून बसायचीस."

"आणि इवोमी?"

"तिचे आज पंचाण्णव झाले. मधवड्या सांगून ठेवल्यात."

तिशेलला हसू आलं, आणि डोळेही भरले. इवोमीची तिला पहिल्यांदाच कीव आली.

"चल, गुरूंकडे," यारुन उठला. "दोघं मिळून सांगू. महिनाभर जिना झाडायला लावतील, झाडू." त्यानं तिचा हात धरला. अंगठा वळवून ती रेघ नीट पाहिली, आणि मग तिच्याकडे पाहिलं.

"हे अठ्ठ्याण्णव झाले," ती म्हणाली. हात मात्र तिनं सोडवला नाही.

"माझे डोळे उघडे आहेत," यारुन म्हणाला. "हे मोजत नाहीत."