ग्लेंडेलमध्ये लोक कशाला हसले

हे घडलंय. माझ्या सख्ख्या भावाच्या बाबतीत, माझ्यासमोर. पटत नसेल तर इथेच थांबा.

ऑक्टोबर १९२८. शनिवार, दुपारचा खेळ. लॉस एंजेलिसला लागून असलेल्या ग्लेंडेलमधलं एक थिएटर.

मी स्टुडिओत फिल्म कापायचे, जोडायचे. वीस-वीस मिनिटांचे मुके विनोदपट. माझा भाऊ व्हर्जिल त्यांत हिरोचे कपडे घालून पडायचा. नाव हिरोचं, हाडं व्हर्जिलची.

ऑगस्टमध्ये तो तिसऱ्या मजल्याला लावलेल्या शिडीवरून पडला. खाली गवताची गाडी उभी हवी होती. नव्हती.

तो उठला नाही.

मालक गॅफनीनं ते पडणं चित्रात ठेवलं. मी नको म्हटलं, तर म्हणाला, "मेला ते कुठं दिसतंय, पोरी? पडला तेवढंच दिसतंय. आणि झकास पडलाय."

इकडे आईनं हट्ट धरला, पोराचं शेवटचं काम मी बघणारच.

आईनं ते बघायचं?

खेळाच्या आदल्या दिवशी मी तो तुकडा कापला, दाखवायच्या प्रतीतून आणि मूळ निगेटिव्हमधूनही. आता शिडी, की लगेच पळणारा पोलीस. दोन्ही तुकडे स्टुडिओच्या मागे नेऊन जाळले. भपकन गेले. मला रडू आलं नाही. काहीच आलं नाही.

थिएटर भरलेलं. आई माझ्या शेजारी.

पडद्यावर शिडी आली...

मग पोलीस.

आणि अख्खं थिएटर खदखदून हसलं.

मुक्या चित्राला साथ देणारा ऑर्गनवाला पडद्याकडे बघून वाजवायचा. त्यानं नेमका तिथंच आवाज काढला...

धप्प.

माझ्या अगदी कानाशी कुणीतरी हसत होतं...

आई.

काय दिसलं, मी हळूच विचारलं.

"पडला की गं," ती डोळे पुसत म्हणाली. "मग उठला, कपडे झटकले. आधी माझ्याकडे बघितलंन. लहानपणापासून असाच द्वाड."

बाहेर गॅफनीनं माझी पाठ थोपटली. ठेवलंस ते बरं केलंस, म्हणाला. त्या माणसाला काय सांगायचं?

चित्र गावोगाव लागलं. मी नऊ वेळा बघितलंय. लोक त्याच जागी हसतात. आई तर डबा घेऊन जाते, पोराला भेटायला निघाल्यासारखी.

मी शेजारी बसते. पापणीसुद्धा लवू देत नाही.

शिडी... मग पोलीस.

उठलेला व्हर्जिल सगळ्यांना दिसतो. मला एकटीला अजून दिसलेला नाही.