रुमाल टाकलेली जागा

माझा स्वभाव भांडखोर आहे हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल. कराडला एकतीस वर्षं शाळेत शास्त्र शिकवलं. रोज सकाळी साठ पोरांची हजेरी घेतली. भुताखेतांचं नाव काढलं की पोरांना मी बाकावर उभं करत असे. तेव्हा घडलं ते घडलं तसं सांगते. कारण विचारू नका, ते मलाही सापडलेलं नाही.

आम्ही दोघं गेल्या एप्रिलमध्ये लेकीकडे, अबोलीकडे, फ्रीमाँटला आलो. दोघं म्हणजे मी शोभा आणि माझा नवरा विनय. त्यांना मी 'अहो'च म्हणते. त्याआधी पाच महिने त्यांच्या हृदयात दोन स्टेंट बसले होते. प्रवासाला डॉक्टरांनी हो म्हटलं, पण जिना दिसला की माझाच जीव वरखाली व्हायचा. यांना सोडून मला काही जमेल, असा माझा अजिबात समज नाही. चाळीस वर्षं भांडायला हेच आहेत.

हे आमच्या गल्लीतल्या भजनी मंडळात पेटी वाजवतात. अमेरिकेत काय बघायचं म्हटल्यावर त्यांनी पूल नाही, समुद्र नाही, एकच मागितलं: काळ्या लोकांच्या चर्चमधलं गाणं समोर बसून ऐकायचं. अबोलीने शोधून वेस्ट ओकलंडची टूर बुक केली. आधी तासभर वस्तीतून फिरवायचे, मग चर्चमध्ये रविवारच्या प्रार्थनेला बसवायचे.

"आई, प्लीज, तिथे कुणाशी आर्ग्यू करू नकोस," स्टेशनवर सोडताना ती म्हणाली. "आणि बाबांना फास्ट चालवू नकोस."

"मी कधी आर्ग्यू करते?"

त्यावर बापलेक एकमेकांकडे बघून हसले.

बार्टची, म्हणजे तिथल्या लोकलची, गाडी एकदा बदलून आम्ही उतरलो तेव्हा ऊन स्वच्छ होतं आणि वारा बोचरा. मी अबोलीने दिलेला मोरपंखी स्टोल घट्ट गुंडाळून घेतला. आम्ही नऊ जण होतो. गाइडचं नाव डेलरॉय, साठीचा, गोल हॅट घातलेला. त्याचे वडील रेल्वेत पोर्टर होते. त्याने आम्हाला सेव्हन्थ स्ट्रीट दाखवला. इथे एके काळी दारोदारी गाणं चालायचं, म्हणाला. आता एका बाजूला रिकामे प्लॉट, कुंपणाला अडकलेल्या पिशव्या, दूर बंदरावरच्या पांढऱ्या क्रेन, आणि डोक्यावर काँक्रीटच्या खांबांवरून जाणारा बार्टचा मार्ग. गाडी गेली की बोलणं ऐकूच यायचं नाही. डेलरॉय मात्र थांबायचा नाही, आवाज चढवून बोलत राहायचा.

"रेल्वेच्या आणि रस्त्यांच्या कामाला घरं पाडली," तो म्हणाला. "माणसं उठवली. आमचं चर्च उठलं नाही. तिथे आम्ही एकदा धरलेली जागा सोडत नाही."

हे वाक्य मला फारच आवडलं.

चर्च विटांचं होतं, दोन खांबांच्या मध्ये अंग चोरून बसलेलं. दारावर नाव होतं मॉर्निंग गेट. पण तिथे पोचायला दोन चौक राहिले होते तेव्हाच हे मागे पडले होते. डेलरॉय म्हणाला, आज गर्दी असेल, ज्यांना भरभर चालता येतं त्यांनी पुढे होऊन जागा बघावी. मी यांना म्हटलं, "तुम्ही या सावकाश याच्याबरोबर. मी जागा धरते."

"धर. तेवढंच तर केलंस आयुष्यभर," हे म्हणाले. त्यांनी खिशातला रुमाल काढून माझ्या हातात दिला. न सांगता दिला. सुट्टीत कोकणात जायचं म्हणजे एस.टी. लागली की मी कोपर मारून खिडकीपाशी पोचणार, आत रुमाल टाकणार, आणि हे मागून सामान घेऊन येणार. आमचा संसार तसाच चालला.

आत लाकडाच्या लांब बाकांवर लाल गाद्या होत्या. मेणाचा आणि अत्तराचा वास होता. बायका हॅट घालून, पुरुष सूटमध्ये. आणि बाकांवर जागोजागी पांढरे रुमाल टाकलेले. इस्त्री केलेले, चौकोनी, तीसचाळीस तरी असतील. मला इतकं बरं वाटलं! म्हटलं, बघा, सातासमुद्रापार माणसं सारखीच. रुमाल टाकलेल्या जागेवर कुणी बसत नव्हतं. लोक उभे होते, पण त्या जागांना हात लावत नव्हते. आमच्या स्टँडवर एवढी शिस्त कधी दिसली नाही.

तिसऱ्या रांगेत दोन जागा मिळाल्या. एकीवर मी बसले, शेजारी यांचा निळ्या काठाचा रुमाल टाकला.

पांढरे हातमोजे घातलेली एक उंच म्हातारी लगेच माझ्यापाशी आली. छातीवर बिल्ला होता, मिसेस ओडेसा. लोकांना जागा दाखवायचं काम तिचं. ती खाली वाकली आणि हळू आवाजात इंग्रजीत विचारलं, "कुणासाठी?"

"माझ्या मिस्टरांसाठी."

"नाव?"

चारचौघांत मी यांचं नाव उखाण्याशिवाय कधी घेतलेलं नाही. इथे पटकन सांगितलं, विनय. तिने पेन्सिलने एका लांब वहीत लिहून घेतलं.

"कधी?"

"आत्ताच. पाच मिनिटांत."

तिने माझ्या खांद्यावर हात ठेवला. "आय ॲम सॉरी, सिस्टर," म्हणाली, आणि गेली. मला वाटलं, उशीर झाल्याबद्दल म्हणाली असेल.

ऑर्गन सुरू झाला. गायकांचा ताफा डुलत डुलत आत आला. खरं सांगते, पहिल्याच सुराला माझ्या अंगावर काटा आला. हे अजून आले नाहीत म्हणून जीव हळहळला. आमच्यातली बाकीची माणसं आली, त्यांना मागे बसवलं गेलं. डेलरॉयही आला. यांना मी दारात पाहिलं तेव्हा हे चौकटीला हात धरून उभे होते. मी हात हलवला. त्यांनी माझ्याच दिशेला पाहिलं, पण मी त्यांना दिसले नसावे. दारातल्या दोन माणसांनी त्यांना आत घेतलं नाही, अडवलंही नाही. हे तिथे नाहीतच अशी त्यांच्या बाजूने ये-जा चालली होती.

गाणं थांबलं. मिसेस ओडेसा वही घेऊन पुढे गेली आणि तिने हजेरी सुरू केली.

"सिस्टर लुएला."

"हियर," सगळे एका आवाजात म्हणाले.

पहिल्या रांगेतल्या रुमालाखालची गादी करकरली आणि हळूच दबली. मला वाटलं, वरून गाडी गेली असेल. जुनं लाकूड आहे, हादरा बसतो.

"ब्रदर एझरा."

"हियर."

माझ्यापुढचा रुमाल. त्याची चारही टोकं सपाट झाली, मध्ये खोलगट पडला. वरून गाडी गेलेली नव्हती. मी मुद्दाम कान देऊन ऐकलं.

मी शेजारच्या हॅटवाल्या बाईला विचारलं, "ही माणसं कुठे आहेत?"

"इथेच," ती म्हणाली. "गेली, पण जागा सोडली नाही. रुमाल टाकला की जागा कायमची त्यांची." तिने यांच्या रुमालाकडे पाहिलं आणि माझा हात दाबला. "तुमचे कशाने गेले?"

मी मागे वळून बघितलं. हे दारातच होते. चेहरा राखेसारखा. उजव्या हाताने डावा दंड धरला होता.

नावं पुढे सरकत होती. गाद्या एकेक करून दबत होत्या.

मी रुमाल उचलायला गेले. तो उचलला जाईना.

हलका सुती रुमाल. मीच परवा धुतलेला. टोक धरून ओढला तर ताणला गेला, पण सुटला नाही. त्याच्यावर कुणीतरी बसत होतं. गादी मध्ये थोडी थोडी दबत चालली होती, गुडघे दुखणारं माणूस बसतं तशी, बेताने.

"ब्रदर विनय," मिसेस ओडेसा म्हणाली.

सगळ्यांनी श्वास घेतला.

मी उभी राहिले. मला भीती वाटत होती, पण त्याहून जास्त राग आला होता. कुणाच्या नवऱ्याची जागा?

"थांबा!" मी मराठीतच ओरडले. "माणूस अजून यायचाय! रुमाल मी टाकलाय, ज्याने टाकला त्यानेच उचलायचा असतो!"



मग मी त्या रिकाम्या जागेकडे वळले. स्टँडवर तीस वर्षं ज्या आवाजात बोलले त्याच आवाजात बोलले.

"उठा."

काही झालं नाही.

"उठा म्हणते ना! जागा धरलेली आहे!"

बाकाला पाय लावला, दोन्ही हातांनी रुमाल धरला आणि होतं नव्हतं तेवढं बळ लावून ओढला.

सुटला. मी मागे कोलमडले ती हॅटवाल्या बाईच्या मांडीवर. डोळ्यांदेखत गादी सावकाश फुगून वर आली. रुमाल हातात बर्फासारखा गार होता.

डोक्यावरून गाडी धडधडत गेली. इतका वेळ गप्प असलेला ऑर्गन तिच्यावर आवाज चढवून वाजू लागला, आणि सगळं चर्च उभं राहून टाळ्या पिटत गाऊ लागलं. त्या आवाजातून हे आले. रांगेतून वाट काढत, "सॉरी, सॉरी" म्हणत.

"अगं, मला दारात काही दिसेचना," ते म्हणाले. "जरा अंधारी आली होती. आता बरं आहे." गालांवर रंग परतला होता. "जागा मस्त धरलीस हां."

मी त्यांना माझ्या जागेवर बसवलं. त्या दुसऱ्या जागेवर मी स्वतः बसले. बसेन नाहीतर काय, मी कुणाला भीत नाही. पुढचा तासभर हे भजनातल्यासारखी टाळी देत होते, डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि मी त्यांचं मनगट धरून नाडी मोजत होते. नाडी उत्तम होती.

निघताना मिसेस ओडेसा दारात उभी होती.

"आजवर कुणी रुमाल परत नेलेला नाही," ती म्हणाली. रागाने नाही, नवल वाटल्यासारखी.

"आमच्याकडे नेतात," मी ताठ मानेने सांगितलं.

"तुमचं नाव काय, सिस्टर?"

जिंकलेलं माणूस जरा जास्त बोलतं. "शोभा," मी म्हटलं, आणि स्पेलिंगसुद्धा सांगितलं. तिने पेन्सिलने लिहून घेतलं.

सोमवारी अबोलीला म्हटलं बाबांना दाखवून आणू. डॉक्टरांनी सगळं तपासलं. हृदय ठणठणीत. ते ऐकून मी क्लिनिकच्या पार्किंगमध्ये रडले, कुणाला दिसू दिलं नाही.

मंगळवारी सकाळी वारा सुटला तेव्हा स्टोलची आठवण झाली. घरभर शोधला. मग लक्षात आलं. रुमाल ओढताना खांद्यावरून घसरला होता, आणि मी जाऊन बसले ती त्याच्यावरच. उठले तेव्हा तो तिथेच, गादीवर पसरलेला राहिला.

"चर्चला फोन कर, पोस्टाने पाठवतील," हे म्हणाले. ते गॅलरीत बसून रविवारची चाल गुणगुणत होते. मी आत जाऊन फोन लावला.

मिसेस ओडेसानेच उचलला. माझा आवाज तिने लगेच ओळखला.

"आहे, सिस्टर शोभा. तिसऱ्या रांगेत. कुणी हात लावलेला नाही."

"पाठवून द्या. पत्ता सांगते."

"तो फक्त टाकणाऱ्यानेच उचलायचा असतो," ती म्हणाली. हे मी मराठीत ओरडले होते. "जागा तुमची आहे. घाई नाही."

"धरून ठेवा मग," मी म्हटलं. "मला दहापंधरा वर्षं तरी वेळ नाही. घरी माणूस आहे माझं."

तिने फोन ठेवला नाही, बाजूला ठेवला असावा. वरून गाडी गेली. आवाज विरला तेव्हा मागून हजेरी ऐकू येऊ लागली. मंगळवार होता, सकाळचे दहा. सिस्टर लुएला, हियर. ब्रदर एझरा, हियर. लाकूड करकरत होतं.

मी ऐकत उभी राहिले.

"सिस्टर शोभा."

सगळ्यांनी श्वास घेतलेला मला फोनमधून ऐकू आला. बाहेर हे गुणगुणायचे थांबले होते. माझे पाय एकदम जड झाले, कुणी मला खाली बसवत असल्यासारखे. मी ओट्याला धरलं आणि ताठ उभी राहिले.

"गैरहजर," मी म्हटलं.

पलीकडे पेन्सिलीचा आवाज आला, लहानशी खूण केल्याचा. बाहेर हे पुन्हा गुणगुणू लागले. मग मिसेस ओडेसाने पान उलटलं आणि पुढचं नाव घेतलं.

आता रोज सकाळी दहाला फोन वाजतो. मी रोज उचलते.